प्रेसचे काका आणि मोरियाचं दार

पंचवटीत वाढणाऱ्या पोराला गोष्टींची ददात नसते. रामकुंड, सीतागुंफा, तपोवन, सगळं हाकेच्या अंतरावर. लक्ष्मणाने शूर्पणखेचं नाक कापलं ते हेच नाशिक, असं सांगणारे गाइड आमच्या गल्लीच्या तोंडाशी यात्रेकरूंची वाट बघत उभे असत आणि आम्ही पोरं त्यांची पुढची वाक्यं त्यांच्याआधी म्हणून दाखवून शिव्या खात असू. वनवास, मायावी हरिण, ओलांडू नये ती रेषा, पळवून नेलेली सीता, समुद्र उडून जाणारा मारुती. एवढं सगळं घरच्या अंगणात असताना ऑक्सफर्डच्या कुणा प्राध्यापकाने लिहिलेली हजार पानांची अद्भुत कादंबरी, तीही इंग्रजीतून, वीरकरांची डिक्शनरी मांडीवर घेऊन कशाला वाचायची, असं वडिलांनी मला नववीत असताना विचारलं होतं. प्रश्न रास्त होता. पण ते पुस्तक माझ्या हातात देणारे गृहस्थ वडिलांचेच मित्र असल्यामुळे त्यांना तो फार ताणता आला नाही.

हे मित्र म्हणजे आमचे प्रेसचे काका. नाशिक रोडला एका ठिकाणी टपाल तिकिटं, स्टॅम्पपेपर, पासपोर्ट छापतात आणि दुसऱ्या ठिकाणी नोटा. नाशिककर दोन्हींना नुसतं ‘प्रेस’ म्हणतात. वडील आणि काका तिकिटांच्या बाजूला, म्हणजे १९२५ पासून चालू असलेल्या इंडिया सिक्युरिटी प्रेसमध्ये. काका छपाईत आणि युनियनमध्ये. बाबासाहेबांनी औरंगाबादला १९५० मध्ये सुरू केलेल्या मिलिंद महाविद्यालयातून ते इंग्रजी घेऊन बी.ए. झाले होते. पुढे शिकायचं होतं, पण मागे धाकटी भावंडं होती, म्हणून प्रेस. रोज सुटताना गेटवर अंगझडती देणारा हा माणूस घरची पुस्तकं मात्र मागणाऱ्याला मोकळ्या हाताने देई. नेहरूनगरच्या त्यांच्या क्वार्टरमध्ये पलंगाखाली ट्रंका होत्या आणि ट्रंकांत पुस्तकं. काकू म्हणायच्या, कपडे ठेवायला जागा नाही आणि यांचे इंग्रज मात्र ऐसपैस झोपलेत.

माझा ‘चांदोबा’ वाचून झाला होता आणि मी कंटाळून ट्रंका उपसत होतो. काकांनी एक जाडजूड, खाकी कापडात बांधलेला ठोकळा काढला. एक नव्हे, तीन. जे. आर. आर. टोल्कीन यांच्या ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ची ती १९६८ ची एकखंडी कागदी बांधणीची आवृत्ती, अ‍ॅलन अँड अनविनची. मुंबईला युनियनच्या कामाला गेले असताना फ्लोरा फाउंटनच्या फुटपाथवर त्यांनी ती घेतली आणि परतीच्या पंचवटी एक्सप्रेसमध्ये वाचायला सुरुवात केली. एवढं जाड पुस्तक पण पाठ नुसती डिंकाने चिकटवलेली, त्यामुळे इगतपुरी येईपर्यंतच ती कुरकुरायला लागली असणार. पुढे ती दोन ठिकाणी फाटली. बाईंडरने फाटली तिथेच तोडली, पुठ्ठा लावला, खळ लावली आणि तीन पुस्तकं करून दिली. मधलं पुस्तक त्यामुळे अर्ध्या वाक्यापासून सुरू होई. टोल्कीनना आपली कादंबरी अखंड हवी होती, युद्धानंतरच्या कागदटंचाईत ती परवडणार नाही म्हणून प्रकाशकाने तिचे तीन खंड करून १९५४-५५ मध्ये काढले, हे मला बऱ्याच वर्षांनी कळलं. नाशिक रोडच्या बाईंडरने तेच केलं होतं, फक्त प्रकरणांचा मुलाहिजा न ठेवता.

मूळ मुखपृष्ठावरचं पॉलीन बेन्सचं चित्र काकांनी जपून कापून पहिल्या पुठ्ठ्यावर डकवलं होतं. त्यातल्या रंगांबद्दल ते बोलत ते छपाईवाल्याच्या नजरेने, कुठली शाई आधी बसली आणि कुठली वरून आली याबद्दल. गोष्टीबद्दल त्या दिवशी एक शब्द बोलले नाहीत. “वीरकरांत नसलेला शब्द आला तर सोडून दे. पुढे चल. पोहणारा पाण्यातला प्रत्येक गोटा मोजत नाही,” एवढंच.

त्यानंतर दर रविवारी ठरलेला प्रश्न: “कुठवर आलास?” यापलीकडे ना परीक्षा, ना समजावणं. मी चाळीस पानं मागे असलो तरी हूं म्हणायचे आणि काकूंना चहा टाकायला सांगायचे. त्या प्रश्नाच्या धाकाने मी हजार पानं वाचली.

टोल्कीननाही असं विचारणारं कुणीतरी होतं. १९३७ मध्ये ‘हॉबिट’ चालल्यावर प्रकाशकाने पुढचं पुस्तक मागितलं; ते लिहून व्हायला बारा वर्षं लागली. मधे युद्ध, परीक्षांचे पेपर, आजारपणं, आणि स्वतःच उभ्या केलेल्या भाषांत हरवून जायची सवय. दरम्यान सी. एस. लुईस हे मित्र ऐकायला बसायचे आणि पुढचं मागायचे. आपल्यावर लुईसचं न फिटणारं ऋण आहे, पण ते प्रभावाचं नव्हे, नुसत्या प्रोत्साहनाचं, अशा अर्थाचं टोल्कीननी पुढे एका पत्रात लिहून ठेवलं. मधल्या काळात दोघांत अंतर पडलं होतं, तरी हे लिहिताना त्यांचा हात आखडला नाही. लेखकावर कुणाचा प्रभाव पडला हे शोधण्यात समीक्षक पानंच्या पानं खर्च करतात. ‘कुठवर आलास’ विचारणाऱ्या माणसाची नोंद मात्र कोणी घेत नाही.

मी पहिल्या खाकी पुस्तकात अर्ध्याच्या पुढे गेलो तेव्हा मोरियाच्या दाराशी आलो. नऊ जणांचा जथा डोंगराखालच्या जुन्या खाणीशी पोचतो. दार दिसत नाही. चांदण्यात त्यावरची अक्षरं उजळतात. गॅन्डाल्फ हा त्यांच्यातला सगळ्यात मोठा विद्वान. तो सगळ्या भाषांतले सगळे मंत्र म्हणून थकतो, काठी आपटतो, चिडतो. दार ढिम्म. शेवटी लक्षात येतं की दारावर लिहिलेल्या ओळीतच किल्ली आहे, ‘मित्र’ एवढा शब्द म्हणायचा. म्हणतो, आणि दार उघडतं.

त्या रविवारी काका पहिल्यांदा आपणहून बोलले. “बघ, केवढा पंडित! पण दारावर लिहिलेलं वाचता येईना.” आणि खूप हसले. मग विचारलं, “तुझ्या घरामागचं दार पाहिलंयस ना?”

“काळारामाचं? रोज बघतो.”

“माझे वडील बसले होते त्याच्यापुढे. तिथे कुठलाच शब्द चालला नाही.”

आमच्या वाड्यापासून काळाराम मंदिर एवढं जवळ की काकड आरतीच्या घंटेने जाग यायची. २ मार्च १९३० ला बाबासाहेब आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली तिथे सत्याग्रह सुरू झाला, दादासाहेब गायकवाडांनी तो पुढे लावून धरला, हजारो माणसं दाराशी आली आणि दारं आतून बंद करून घेतली गेली, हे मला तोवर कोणी सांगितलेलं नव्हतं. पाच वर्षं चाललं ते. मग आपल्याच जिल्ह्यात, येवल्याला, १३ ऑक्टोबर १९३५ रोजी बाबासाहेबांनी हिंदू म्हणून मरणार नाही असं जाहीर केलं. वाड्यात रामनवमीच्या रथाच्या शंभर आठवणी निघत, या आठवणीला मात्र मज्जाव होता. माझी आजी असेपर्यंत काका आमच्या ओटीवर बसत, माजघरात येत नसत. वडिलांना ते खटकत असावं, कारण रविवारी आम्हीच नेहरूनगरला जायचो, त्यांना पंचवटीला या म्हणून वडील कधी आग्रह करत नसत. हे धागे एकमेकांना जोडायला मला इंग्लंडातल्या एका कॅथलिक प्राध्यापकाने कल्पनेत उभं केलेलं दगडी दार लागलं.

याला मी त्या कादंबरीचा प्रभाव म्हणतो. अभ्यासक ज्याला सांस्कृतिक प्रभाव म्हणतात त्याच्या याद्या मला पाठ आहेत. साठच्या दशकात अमेरिकेतल्या भिंतींवर आणि बिल्ल्यांवर फ्रोडो जिवंत असल्याच्या घोषणा. लेड झेपलिनची गाणी. १९७४ मध्ये आलेला ‘डन्जन्स अँड ड्रॅगन्स’ हा खेळ, ज्याला वकिलांच्या धाकाने हॉबिट हे नाव बदलावं लागलं. २००३ च्या बीबीसीच्या मतदानात ब्रिटिश वाचकांनी याच कादंबरीला दिलेला पहिला नंबर. पीटर जॅक्सनच्या तिसऱ्या चित्रपटाची अकरा ऑस्करं. इंडोनेशियातल्या फ्लोरेस बेटावर सापडलेल्या बुटक्या मानवी सांगाड्याला शास्त्रज्ञांनी लावलेलं टोपणनाव. लंडनच्या रंगभूमीवर २००७ मध्ये हीच गोष्ट संगीतिका म्हणून आली तेव्हा संगीतकारांत आपले ए. आर. रहमान होते. हे सगळं खरं, मोठं, आणि माझ्यापासून लांब. नेहरूनगरच्या क्वार्टरमध्ये एका छपाई कामगाराला परक्या गोष्टीत काळारामाचं दार दिसलं, ते कुठल्याच यादीत नाही.

कुसुमाग्रजांचं नाव इथे आपोआप येतं. नाशिकमध्ये कशाचाही विषय काढा, शेवटी गाडी त्यांच्यापाशी येते, तरी या वेळी कारण जरा वेगळं आहे. टोल्कीन शाळेत असताना त्यांना शेक्सपिअरचा ‘मॅकबेथ’ वाचून भयंकर चीड आली होती. जंगल चालून येईल तेव्हाच राजा पडेल अशी भविष्यवाणी होते, आणि जंगल कसं येतं, तर सैनिक फांद्या तोडून हातात धरतात. पोराची घोर निराशा. झाडं खरोखर चालत युद्धाला जातील अशी गोष्ट आपण रचायची, असं त्याने मनाशी घेतलं आणि त्यातून पुढे एन्ट जन्मले, झाडांची राखण करणारे ते झाडासारखेच प्रचंड, संथ धनगर. ते ज्या खंडात आहेत तो ‘द टू टॉवर्स’ आला नोव्हेंबर १९५४ मध्ये. आणि त्याच १९५४ साली इकडे कुसुमाग्रजांनी, म्हणजेच वि. वा. शिरवाडकरांनी, ‘मॅकबेथ’ मराठीत आणला, ‘राजमुकुट’. एकाने ते फांद्यांचं जंगल मराठी रंगभूमीवर आणलं, दुसऱ्याने त्याच सुमाराला त्याच्यावरचा जुना राग काढला. दोघांना एकमेकांचा पत्ता असायचं कारण नाही.

काकांना हे सांगितलं तेव्हा त्यांना शेक्सपिअरमध्ये फारसा रस वाटला नाही. ते म्हणाले, “शिरवाडकर वीस वर्षांचे होते तेव्हा काळारामाच्या सत्याग्रहात होते. बत्तीस साली. हे कुठे लिहिलंयस का?” आता लिहिलं.

अंगठीबद्दल मात्र माझं आणि त्यांचं जमलं. आपल्याकडच्या गोष्टींत अंगठी ओळख पटवते. मारुती रामाची मुद्रिका घेऊन अशोकवनात जातो, ती बघून सीतेचा विश्वास बसतो. शकुंतलेची अंगठी पाण्यात पडते, मासा गिळतो, कोळ्याच्या हाती लागते आणि दुष्यंताला बायको आठवते. टोल्कीनच्या कादंबरीतही अंगठी नदीच्या तळाशी आहे आणि ती वर येते माशामुळेच. डीगोल गळ टाकून बसलेला, मोठा मासा त्याला पाण्यात ओढून नेतो आणि तळाच्या चिखलात त्याच्या मुठीत सोनं येतं. काठावरचा त्याचा मित्र, आज माझा वाढदिवस आहे, ती मला दे, म्हणतो आणि तिच्यासाठी त्याचा गळा दाबतो. इथून पुढे ही अंगठी जो घालेल त्याला दिसेनासा करते. आधी लोकांना, आणि हळूहळू स्वतःलाही. तोच मासा, तीच नदी, पण एकीकडे विसरलेला माणूस परत सापडतो, दुसरीकडे सख्खा मित्र परका होतो. मला वाटतं पंचवटीच्या पोराला ही कादंबरी याचसाठी वाचायला हवी होती. मुद्रिका ही चांगलीच वस्तू असते, अशी माझी तोवर समजूत होती. मुग्धा कर्णिक यांनी या महाग्रंथाचा मराठी अनुवाद तीन खंडांत केला आणि नाव दिलं ‘स्वामी मुद्रिकांचा’, तेव्हा मी तो घेतला तो आधी शीर्षकासाठीच.

भांडण झालं ते सॅमवरून. फ्रोडो हा मालक, सॅम त्याचा माळी. अंगठी आगीच्या डोंगरात टाकायला फ्रोडो निघतो आणि सॅम भांडीकुंडी, मीठ, दोरी घेऊन बरोबर. शेवटच्या चढणीवर फ्रोडोला पाऊल टाकवत नाही, तेव्हा सॅम त्याला पाठीवर घेतो. मला वयाप्रमाणे आरागॉर्न आवडायचा, परागंदा राजा, मोडलेली तलवार वगैरे. काका फटकारायचे. “राजे आम्ही खूप पाहिले. स्वयंपाक करतो कोण, पाणी पुरवतो कोण, उचलून नेतो कोण? आणि पुस्तकाला नाव दुसऱ्याचं. युनियन नव्हती म्हणून.” मी चिडायचो, कारण फ्रोडोचं हरणं मला त्याहून मोठं वाटायचं. तो डोंगराच्या तोंडाशी पोचतो आणि अंगठी टाकायला नकार देतो. जग वाचतं ते त्याच्या धैर्याने नव्हे, त्याने आणि त्याच्या काकाने कधीकाळी एका दुष्टाला जिवंत सोडलं होतं म्हणून. घरी परतल्यावरही त्याची जखम भरत नाही.

पुढे टोल्कीनची पत्रं वाचायला मिळाली. सॅमला त्यांनी स्वतःच एका पत्रात खरा नायक म्हटलंय. पहिल्या महायुद्धात ते सॉमच्या खंदकांत होते, जवळच्या मित्रांपैकी एक सोडून सगळे युद्ध संपेपर्यंत गेले होते. आपल्यापेक्षा कितीतरी सरस असे जे साधे शिपाई आणि अधिकाऱ्यांचे हरकामे तिथे भेटले, त्यांच्यावरून सॅम घडला, असं ते सांगत. मी पुस्तक घेऊन काकांकडे गेलो, त्यांना ते पान दाखवलं. त्यांनी चष्मा लावून वाचलं आणि पान परत केलं. “त्याला माहीत होतं, तर मग सॅमला मास्टर, मास्टर कशाला म्हणायला लावलं?” याचं उत्तर मला आजही येत नाही.

त्या कादंबरीत आपण कुठे आहोत, हाही काकांचाच प्रश्न. दक्षिणेकडून सावळे सैनिक येतात, लाल निशाणं, सोन्याचे दागिने, आणि अवाढव्य हत्ती; ते शत्रूच्या बाजूने लढतात. “हे आपणच की रे,” काका म्हणाले होते. मला अस्वस्थ वाटलं होतं, कारण मी तोवर बिनदिक्कत उत्तरेच्या घोडेस्वारांत सामील झालो होतो. त्याच प्रकरणात सॅमच्या पायाशी त्यांतला एक सैनिक मरून पडतो आणि सॅमला प्रश्न पडतो की याचं नाव काय असेल, घर कुठे असेल, हा खरंच दुष्ट होता की कुणीतरी धाकाने आणलेला. काका ते पान काढून दाखवायचे आणि म्हणायचे, “अर्धं माफ.” पूर्ण नाही. टोल्कीनबद्दलची एक गोष्ट मात्र त्यांना फार आवडली. १९३८ मध्ये एका जर्मन प्रकाशकाने, ‘हॉबिट’ छापण्यापूर्वी, तुम्ही आर्य वंशाचे ना, असं विचारलं. टोल्कीननी उत्तराच्या मसुद्यात लिहिलं की आर्य म्हणजे हिंदी-इराणी. माझ्या पूर्वजांत हिंदुस्तानी किंवा फारसी बोलणारं कोणी माझ्या तरी माहितीत नाही. आणि ज्यू आहात का असं विचारायचं असेल, तर त्या गुणी लोकांत माझे पूर्वज नाहीत याचं मला वाईट वाटतं. भाषेच्या प्राध्यापकाने दिलेली ती थप्पड काका प्रेसच्या कॅन्टीनमध्ये सांगत असत.

लेखकाचे पैसे कोण देतं, हाही त्यांच्या आवडीचा विषय होता. छपाईतला माणूस. थोरल्या अनविनचा मुलगा रेनर दहा वर्षांचा असताना वडिलांनी त्याला ‘हॉबिट’चं हस्तलिखित वाचायला दिलं आणि अभिप्राय लिहिल्याबद्दल एक शिलिंग दिला. तोच मुलगा मोठेपणी वडिलांच्या कचेरीत बसला आणि त्याने ‘लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ घेतलं, एक हजार पौंड बुडतील असं वडिलांना कळवून. करार असा की आधी खर्च वसूल होऊ दे, मग नफ्यातला निम्मा वाटा लेखकाचा. पुस्तक खपेल अशी कुणाचीच अपेक्षा नव्हती, म्हणून तर असा करार झाला. तोच पुढे टोल्कीनच्या पथ्यावर पडला. आणि १९६५ मध्ये एका अमेरिकन प्रकाशकाने कायद्यातल्या फटीचा फायदा घेऊन लेखकाला न विचारता स्वस्त आवृत्ती काढली, तेव्हा टोल्कीननी तिकडच्या वाचकांच्या पत्रांना उत्तर देताना हे कळवायला सुरुवात केली. वाचकांनी ओरड केली, दुकानदारांना जाब विचारला. शेवटी त्या प्रकाशकाने पैसे मोजले आणि आवृत्ती थांबवली. पुस्तक वाचलं की देणं लागतं, हे त्या वाचकांना कुणी शिकवलं नव्हतं. काकांनी ही गोष्ट ऐकल्यावर फुटपाथवरच्या त्या खरेदीचा विचार केला असावा. “माझी प्रत जुनी होती,” ते म्हणाले, “चोरीची नव्हती.”

प्रभाव नेहमी चांगलाच पडतो असंही नाही. इटलीतल्या कडव्या उजव्या तरुणांनी १९७७ पासून आपल्या शिबिरांना हॉबिटचं नाव दिलं. अमेरिकेत पाळतीची आणि माहिती चाळण्याची साधनं पुरवणाऱ्या एका बड्या कंपनीचं नाव पॅलन्टिर आहे, दूरचं दाखवणाऱ्या त्या काचगोळ्यावरून, ज्यात डोकावणारे बहुतेक जण कादंबरीत फसतात. शस्त्रं बनवणाऱ्या दुसऱ्या कंपनीने आरागॉर्नच्या तलवारीचं नाव घेतलं. या लोकांनी पुस्तक वाचलं नसेल असं मला वाटत नाही. वाचलं असेल, आवडलंही असेल.

चित्रपट आले तेव्हा काका निवृत्त झाले होते. तिसरा पाहून आले आणि तणतणत बसले, कारण त्यांचं आवडतं प्रकरण दिग्दर्शकाने गाळलं होतं. युद्ध जिंकून चौघे हॉबिट घरी येतात आणि बघतात तर गावचीच वाट लागलेली. रस्त्याकडेची झाडं कापलेली, नदीत घाण सोडणारी नवी गिरणी, ज्या झाडाखाली गावजेवण झालं होतं ते आडवं पडलेलं. आगीच्या डोंगरावरही टिकून राहिलेला सॅम हे झाड बघून रडतो. टोल्कीन लहानपणी बर्मिंगहॅमजवळच्या सेअरहोल नावाच्या खेड्यात आईबरोबर राहायचे. तिथल्या तळ्यावर झुकलेला एक विलो होता, त्यावर ती मुलं चढायची. एके दिवशी कोणीतरी तो कापला. लाकडाचा कुणाला उपयोगही नव्हता, ओंडका तसाच पडून राहिला. म्हातारपणापर्यंत टोल्कीन ते विसरले नाहीत. मरायच्या आदल्या वर्षी एका वर्तमानपत्राला पत्र लिहून त्यांनी कळवलं होतं की माझ्या सगळ्या लेखनात मी झाडांच्या बाजूने आहे.

२०२५ च्या नोव्हेंबरात तपोवनातली झाडं काढायची नोटीस निघाली. २०२७ च्या सिंहस्थासाठी तिथे साधुग्राम उभारायचं होतं. झाडं अठराशेच्या आसपास. दर सिंहस्थाला साधूंचे आखाडे तपोवनातच उतरतात, जागा लागते, हे खरं. बदल्यात नवी झाडं लावण्याचं आश्वासनही होतं. पण यावेळी नाशिककर हलले. लोक झाडांना मिठ्या मारून उभे राहिले, अभिनेते सयाजी शिंदे येऊन गेले, प्रकरण हरित लवादापर्यंत पोचलं. मीही गेलो. गर्दीत कॉलेजची मुलं होती, सकाळी फिरायला येणारे पेन्शनर होते, आणि वनवासाच्या गोष्टीवर पोट असलेल्या गावात वनच राहिलं नाही तर यात्रेकरूंना काय दाखवायचं, असं विचारणारा एक रिक्षावाला होता.

तिथूनच मी काकांना फोन लावला. आता ते नव्वदीला टेकलेत, मुलाकडे पुण्याला असतात, कान शाबूत आहेत पण डोळे गेले. इकडचं सगळं सांगितलं. त्यांनी विचारलं, “कुठली झाडं? नावं सांग.” मी वड, पिंपळ, चिंच, जांभूळ, कडुनिंब अशी सांगत गेलो आणि ते प्रत्येक नावाला हूं करत राहिले. मग म्हणाले, “लोकांनी काय ठरवलं?”

“अजून बैठका चालू आहेत.”

“किती दिवस?”

“आठवडा झाला असेल.”

“त्या एन्टांची तीन दिवस चालली होती. वाचताना तू म्हणाला होतास, किती वेळ खातात, आता लढाई तरी सुरू करा. मी तेव्हाच म्हटलं होतं, या पोराने जनरल बॉडी पाहिलेली नाही. तीन दिवसांत एकमत म्हणजे फार झटपट रे. आमच्या वेतनकराराला...” आणि त्यांनी तो वेतनकरार पहिल्यापासून सांगितला, कोण फुटलं आणि कोण टिकलं यासकट.

आता महिन्यातून एकदा पुण्याला जातो तेव्हा ‘स्वामी मुद्रिकांचा’मधून त्यांना वाचून दाखवतो. मराठीतून ऐकताना त्यांची मान अधूनमधून हलते, नापसंतीने की पसंतीने ते कळत नाही. लढाया त्यांना नको असतात. राजाचा राज्याभिषेक सुरू झाला की हात वर करतात.

“ते राहू दे. तो तरुण एन्ट आहे ना, ज्याची सगळी झाडं ऑर्कांनी आधीच तोडलीत, म्हणून तो मीटिंगला बसत नाही. तिथून घे. आणि जरा मोठ्याने वाच, सूनबाईंनाही ऐकू दे.”